पाणी भरायची वेळ

१२ जून. लसींचा डबा रिकामा करून बर्फाच्या पिशव्या पुसत होते. औषध आलं तसं परत गेलं होतं. दिवसभरात एकही लेकरू आलं नव्हतं.

माझं गाव कुरुंदा सोडून तीन आठवडे झाले होते. बदलीचा कागद आला आणि टेम्पोत शेगडी, पलंग, दोन हंडे चढले. आई दारात उभी राहून एवढंच म्हणाली, "गर्दी व्हायच्या आत आपलं भरून घेत जा." तिच्या लहानपणी पाण्यापाशी आमच्या जातीच्या माणसांना काय ऐकावं लागायचं, ते तिनं एकदाच सांगितलं होतं. माझ्या वाट्याला ते ऐकणं आलं नाही, सवय तेवढी आली.

कुरुंद्यात हळद शिजवायच्या दिवसांत अंगणात दहा माणसं असायची. इथे डोंगरातला तांडा, उपकेंद्रामागच्या दोन खोल्या, आणि रेंज फक्त टाकीजवळ. म्हणून दिवस बांधून घेतला. पाचला हातपंप, सहाला चहा, नऊला उपकेंद्राचं दार उघडं. एकटं राहणं जमतं, याचं मलाच नवल वाटलं. पण उघड्या दारातून माणसं आत का येत नाहीत, ते कळेना. सुईनं ताप येतो म्हणून? की आईनं सांगितलेलं तेच?

संध्याकाळी तांड्यातल्या आशा कार्यकर्त्या कमलबाई आल्या. मी सरळ विचारलं. त्या हसल्या.

"सिस्टर, तुमी एकट्याच पाण्याला काहून जाता? बाया म्हनून राहिल्या, नवी बाई लई भांडकुदळ हाय."

इथे बाया मिळून पाण्याला जातात. एक हापसते, दुसरी भरते. जिनं सगळ्यांशी बोलणं टाकलं, तीच एकटी जाते. मी म्हटलं, कोणाला माझी तकलीफ नको म्हणून जात होते.

"एकटीनंच हापसायचं अन् एकटीनंच भरायचं, ह्यालाच तकलीफ म्हन्तेत," कमलबाई म्हणाल्या.

म्हणजे अपमान टाळायला निघालेली मी, रोज पाचला बायांचा अपमान करून येत होते.

घरासारखं वाटतं का, असं आई फोनवर विचारते. पूर्वी घर म्हणजे आपलं दार, आपला नळ. आता वाटतं, आपल्याला उशीर झाला तर रांगेत आपला हंडा कोणीतरी पुढे सरकवतं, ते घर. तसं व्हायला वेळ लागेल.

१३ जून. जाग पाचलाच आली. हंडा घेऊन उंबऱ्यावर बसून राहिले. साडेसहाला बाया निघाल्या, तशी त्यांच्या मागे चालू लागले. पंपाशी पोचल्यावर आपला हंडा बाजूला ठेवला आणि दांडा धरला. तिसरा हंडा भरताना एका आजीनं विचारलं, नातवाला सुई द्यायला कोणत्या वारी आणायचं. मी वार सांगितला आणि हापसत राहिले.