हळदीतली मिरची

देशात मिरची किती पिकते हे एके काळी माझ्यासारख्यांच्या भरवशावर ठरायचं, हे आठवलं की मला अजून देशाचीच काळजी वाटते. सत्तरच्या दशकात मी तालुक्याच्या शेती कचेरीत हंगामी नोकरीला होतो. गावोगाव जाऊन कुठलं पीक किती, ते तक्त्यात भरायचं. पहिलं गाव मिळालं ते आमचंच, कृष्णाकाठचं.

काकीचं रान मी बांधावरूनच पाहिलं. विजार इस्त्रीची होती ना! कमरेएवढी हळद दिसली, हळद लिहिली. आमच्याकडं हळदीच्या सरीला कडेनं मिरची लावतात. हळदीच्या पाण्यावर ती वाढते आणि हळद काढायच्या आधी तोडून संपते. त्याच मिरचीवर मी लहानाचा मोठा झालो. पण एका रानाला रकाना एकच, आणि गावातल्या सगळ्या रानांपुढं मी हळदच लिहिली. गावाच्या मिरचीपुढं मी वळणदार अक्षरात शून्य घातलं.

भादव्यात मिरचीवर बोकड्या आला. पानं वाटीसारखी वळायला लागली, झाडं खुरटली. त्यावर मारायची गंधकाची भुकटी कचेरीत आली, ती तक्त्यातल्या मिरचीप्रमाणं वाटायची. आमच्या गावाला चिमूटभर नाही.

दुसऱ्या दिवशी काकी कचेरीत हजर. काका गेल्यापासून रान तीच बघायची.

"गावात मिरची न्हाई म्हणून लिवलंस व्हय रं?"

"काकी, रकाना एकच होता..."

"मग ल्हानपणी भाकरीसंगं काय रकाना खाल्लास?"

साहेब खो-खो हसले. मग मला म्हणाले, "देशात मिरची वाढतीय म्हणून वरनं कागद येतात, आणि तुमच्या गावात नाहीच? दोन दिवसांत मोजून आणा. नाहीतर भुकटी दुसऱ्या गावाला जाईल."

विजार गुडघ्यापर्यंत दुमडून मी हळदीत शिरलो. चारशेच्या पुढं माझा आकडा दरवेळी घसरायचा. काकी म्हणाली, "तू नुसत्या सऱ्या मोज. झाडं मी सांगते." आणि सांगतही गेली, "हितं चार कमी, उंदरानं खाल्ल्यात." तीन सऱ्या मी गुपचूप मोजून पाहिल्या. एका झाडाचा फरक नाही. दिवस मावळायच्या आत तिनं गावातल्या बायका गोळा केल्या. एकीनंही कागद पाहिला नाही. आपापल्या सऱ्या तोंडपाठ. मी फक्त लिहीत होतो, तेही दोनदा खोडून.

भुकटी मिळाली. पहाटेच्या दवात फडक्याची पुरचुंडी काठीनं ठोकत ती मारायची. काकीनं सुरुवात केली ती शेजारच्या रानापासून.

"काकी, आधी आपली?"

"वारं तिकडनं येतंय. त्येंची ऱ्हायली तर आपली वाचत्याल व्हय?"

मग आमच्या रानात आलो. काही झाडांना लुगड्याच्या चिंध्या बांधलेल्या. मी तिथं पुरचुंडी ठोकणार, तोच तिनं माझा हात धरला.

"त्येला नगं मारू. भवतीनं सगळी आखडली तरी ह्यास्नी काय झालं न्हाई. बी ह्येंचंच धरायचं. तुमची भुकटी काय दरसाली येतीय?"

भुकटी मारलेली झाडं बरीचशी सावरली, सगळी नाही. चिंध्यांची मात्र शेवटपर्यंत हिरवीगार राहिली आणि फळ झाडावरच लाल झालं. पुढच्या साली निम्म्या गावानं काकीकडूनच रोपं नेली.