कॅमेऱ्यासमोर केस विंचरताना

भाऊ जहाजावर नोकरीला लागला आणि आईचं तोंड दिसावं म्हणून त्याने थळ गावातल्या घरी कॉम्प्युटर आणि वेबकॅम घेऊन दिला. मी तेव्हा बी.ए. होऊन घरीच होते. भाऊ क्वचित दिसायचा. एरवी कॅमेरा माझाच. दुपारी तो सुरू करून मी जाळं शिवत बसायची आणि चॅटच्या साइटवर कुठल्या कुठल्या देशांतली अनोळखी माणसं बघायची. कुणी विचारायचं, हे कसलं जाळं? कुणी सांगायचं, आमच्याकडे बर्फ पडतोय. समोरचा हे सगळं साठवूनही ठेवू शकतो, हे माझ्या डोक्यातच आलं नाही.

एकदा न्हाऊन केस विंचरत होते, कॅमेरा चालूच होता. थोड्याच दिवसांत ती क्लिप घाणेरड्या मथळ्याखाली तालुक्याच्या सायबर कॅफेत फिरू लागली.

"पोरीला आवर," काका दारात येऊन आईला म्हणाले.

आई कोळंबी सोलत होती. मान वर न करता म्हणाली, "केस इंचरले तिनं. तुमच्या घरातल्या बाया काय टकल्या हायेत?"

तरीही मी घाबरले आणि कॅमेरा काढून टाकला.

वीस-बावीस वर्षांनी, गेल्या निवडणुकीत मी ग्रामपंचायतीला उभी राहिले, तेव्हा तीच क्लिप गावभर मोबाइलवर आली. कॉलेजातली माझी मुलगी रडत घरी आली. "आई, अर्ज मागे घे ना."

"न्हाय घेणार."

सभेत मी स्वतःच ती क्लिप पडद्यावर लावली. "ही मी आहे. घर माझं, केस माझे. लाज वाटायची तर चोरणाऱ्याला वाटू दे."

मग मागून एक म्हातारी ओरडली, "काय लांब केस होते गं तुजे!" बायका खदखदून हसल्या.

निवडणुकीत मी पडले. पण नंतर शेजारची एक सून हळूच घरी आली. व्हिडिओ कॉलवरचे तिचे फोटो कुणीतरी पसरवले होते. मी तिला घेऊन पोलीस ठाण्यात गेले.

"कॅमेऱ्यासमोर बसायचंच कशाला, मॅडम?" हवालदार म्हणाला.

मी खुर्ची ओढली, तिला बसवलं, स्वतः बसले. "ते आमचं आम्ही बघू. तुम्ही तक्रार लिहा."

त्याने लिहायला घेतली.