दाराकडे तोंड करून ठेवलेली खुर्ची

पास्कू पोस्टमन तार घेऊन आला तेव्हा मी अंगणात सुकेळीसाठी सोललेली केळी उन्हात पसरत होते. मी चौथीपर्यंत शिकलेली, मराठी वाचते, पण तार इंग्रजीत. म्हणून त्यालाच परत दिली. त्याने वाचली, डोक्यावरची टोपी काढली आणि म्हणाला, "वहिनी, धाकट्या भावजींना हाक मारा." एवढंच. आमचे हे अधिवेशनासाठी नागपूरला गेले होते. तिथेच, पहाटे, झोपेत गेले... निघताना मी पिशवीत सुकेळीचा पुडा ठेवला होता आणि म्हटलं होतं, "संत्री आणायला विसरू नका." आमचं शेवटचं बोलणं ते, संत्र्यांचं. त्यांना घरी आणलं तेव्हा सोबत ती पिशवीही आली. पुडा अर्धा संपलेला होता. उरलेली सुकेळी मी अजून कोणाला दिलेली नाहीत.

ते विधान परिषदेत चोपदार होते. आमच्या गिरीज गावात पुष्कळांना वाटायचं, रोज विधान भवनात जातात म्हणजे आमदारच असणार. ते हसून म्हणायचे, "आमदार पाच-सहा वर्षांत बदलतात, मी कायमचा." पांढरा पोशाख, कमरेला लाल पट्टा. सभापती सभागृहात यायचे तेव्हा पुढे चालत जाऊन ललकारी द्यायची, आणि ती ऐकून सगळे सदस्य उठून उभे राहायचे. घरात ज्यांचा आवाज शेजारच्या खोलीत जायचा नाही, ते तिथे एवढ्या मोठ्याने कसे ओरडत असतील याचं मला नवल वाटे. एकदा म्हटलं, मला म्हणून दाखवा. तर लाजले. "इथे सभापती कुठे आहेत?" म्हणाले. ती ललकारी मी कधीच ऐकली नाही.

सभापतींबद्दल मात्र भरभरून बोलायचे. इंग्रजांच्या वेळी त्यांना प्रेसिडेंट म्हणत, मग चेअरमन म्हणू लागले, आता सभापती. हे त्यांना जुन्या शिपायांनी सांगितलेलं. विधानसभा बरखास्त होते, पण परिषद कधीच होत नाही. थोडे जातात, थोडे येतात, घर चालूच. नवे सभापती निवडले की सरकारचा पुढारी एका बाजूने आणि विरोधकांचा दुसऱ्या बाजूने, असे दोघे मिळून त्यांना खुर्चीपर्यंत नेतात. म्हणजे ज्यांचं आपसात भांडण, त्यांनीच मिळून बसवायचं. कोणी सदस्य वारला की सभापती त्याच्याबद्दल चार शब्द बोलतात, सगळे मुकाट्याने उभे राहतात, आणि पुष्कळदा त्या दिवशी दुसरं कामकाजच होत नाही.

मी विचारलं होतं, "एवढा मोठा माणूस, दिवसभर बोलतो तरी काय?"

"बोलत नाही गं, बोलू देतो. मतसुद्धा देत नाही. दोन्हीकडे सारखी मतं पडली तरच देतो." आणि मग माझ्याकडे बघून, "तू तर जन्माची सभापती. तोंडच उघडत नाहीस."

वसईच्या बाजारातून त्यांनी एक जुनी हातांची खुर्ची आणली होती. ती ओसरीवर ठेवली, पण विहिरीकडे आणि केळीच्या वाडीकडे पाठ करून. वारा सगळा मागून. मधले भावजी चिडवायचे, "दादा, लोक वाऱ्याकडे तोंड करून बसतात, तू भिंतीकडे." हे म्हणायचे, "सभापती सभागृहाकडे तोंड करून बसतो." दोन्ही भाऊ दोन बाजूंच्या बाकांवर, सासूबाई खाली पाटावर. मी आत, माजघराच्या दाराआड. घरातलं काहीही ठरवायचं असलं की अशी बैठक व्हायची, आणि हे आधी सगळ्यांना विचारायचे. स्वतःचं सांगायचे नाहीत.

विहिरीची बैठक झाली ती अशीच. नालासोपाऱ्याला इमारती उठत होत्या, नळाला पाणी नव्हतं, आणि टँकरवाले आमच्या वाड्यांमधल्या विहिरी मागत फिरत होते. मधल्या भावजींनी एकाला जवळजवळ होच म्हटलं होतं. धाकटे त्यांच्या बाजूने. सासूबाई भडकल्या, "विहीर आटली तर केळीला काय तुझी थुंकी घालू?"

"आई, सगळा गाव देतोय. आपणच काय राजे लागून गेलो?"

ह्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "एक सदस्य राहिला. दाराआडचा."

धाकटे भावजी हसले. "वहिनीचं मत? भाकरी वाढू का विचारलं तर ती नुसती मान हलवते."

"मान हलवली तरी धरू. पण विचारायला हवं."

घरात येऊन मला वीस वर्षं झाली होती. चौकट घट्ट धरून मी म्हटलं, "नको." माहेरी, भुईगावला, उपसून उपसून विहीर मचूळ झालेली मी पाहिली होती. पण ते सगळं सांगायला जमलं नाही. तेवढा एकच शब्द निघाला.

"दोन आणि दोन," हे म्हणाले. मग खुर्चीच्या हातांवर हात टेकवून म्हणाले, "आहे तसं राहू दे. बरोबरी झाली की खुर्ची आहे तेच राखते. बदल करायचा तर सभागृहाने करावा, खुर्चीने नाही."

मधले भावजी ताडकन उठले. "ही खुर्ची कचेरीत ठेवून ये दादा! तुझ्या मनात काय आहे ते सांग!" ह्यांनी सांगितलं नाही. महिन्याभरात भावजी बिऱ्हाड घेऊन नालासोपाऱ्याला गेले आणि चार वर्षं ओसरी चढले नाहीत. त्यांना ह्यांनीच त्या विहिरीत पोहायला शिकवलं होतं, कमरेला सुकड, म्हणजे वाळलेले नारळ, बांधून. दर दिवाळीला हे अंघोळ लवकर आटपून रस्त्याकडे बघत उभे राहायचे. सासूबाई गेल्या तेव्हाही भावजी आले ते थेट स्मशानात.

माझ्या एका शब्दाने दोन भाऊ तुटले, हे मला रोज टोचायचं. एकदा धीर करून विचारलं, "अहो, खरं सांगा. तुमच्या मनात काय होतं? की मी नको म्हटलं म्हणून...?"

"खुर्चीला विचारतेस की मला?"

"तुम्हाला."

"मला तर कोणी विचारलंच नव्हतं," असं म्हणून हसले आणि कळशी घेऊन विहिरीवर गेले. आजूबाजूच्या दोन विहिरी खारट झाल्या, आमची गोड राहिली. तरी 'बघा, मी म्हटलं नव्हतं' असं त्यांच्या तोंडून कधी आलं नाही.

ते गेल्यावर महिन्याने टँकरवाला पुन्हा आला. धाकट्या भावजींनी मधल्यांना निरोप धाडला. रविवारी दोघं आले आणि आपापल्या बाकांवर बसले. मध्ये खुर्ची रिकामी. कोणालाच सुरुवात करता येईना. शेवटी मधले भावजी म्हणाले, "खुर्ची रिकामी असली की सभा होत नाही, दादा सांगायचा. वहिनी, बाहेर ये."

मी नाही नाही म्हणत होते. हात कोणी धरला नाही, पण दोघं उठून आले आणि दोन बाजूंनी चालले, दारापासून खुर्चीपर्यंत. मी बसले.

आणि समोर पाहिलं तर ते दार. भाऊ डाव्या-उजव्या हाताला, मान वळवल्याशिवाय दिसत नव्हते. समोर फक्त माजघराचं दार, आणि चौकटीवर, माझ्या खांद्याच्या उंचीला, हात धरून धरून गुळगुळीत झालेली जागा.

धाकटे म्हणाले, "बोल वहिनी." मी उठून उभी राहिले. ते दोघंही उभे राहिले. पलीकडे कोणाच्या तरी वाडीत पंप चालू होता, तेवढाच आवाज. मधल्या भावजींनी डोळे पुसले. "आज काम नाही," म्हणाले. मग विहिरीवर जाऊन पोहरा सोडला आणि उभ्यानेच ओंजळीने पाणी प्याले, बराच वेळ.

टँकरवाला परत येईल, तेव्हा पुन्हा बसू. हल्ली दिवेलागणीच्या आधी मी त्या खुर्चीत जाऊन बसते. धाकटे भावजी म्हणाले, वाऱ्याकडे फिरवून देतो. मी नको म्हटलं. वारा मागूनच येतो. समोर दार उघडं असतं. त्याच्या आड आता कोणी उभं नसतं.