हरकत राखून

कर्जतला भूसंपादनाच्या कचेरीबाहेर मी अर्ज टाइप करून देतो. कुंभिवलीच्या एक मावशी कित्येक वर्षं माझ्याकडे यायच्या. त्यांचं भातशेत रस्त्यासाठी घेतलं होतं आणि मोबदला अडकला होता. अर्ज टाइप झाला की त्या मला तो मोठ्याने वाचायला लावायच्या. ‘माझी जमीन होती’ इथे हमखास थांबवायच्या.

“होती नाय रं, हाय. पैसं देत नाय तवर माझीच हाय.”

मी दुरुस्त करायचो. ‘कृपया’ हा शब्द त्यांनी कधी घालू दिला नाही.

शेवटी रक्कम मंजूर झाली, पण बाजारभावाच्या मानाने फारच कमी. त्या दिवशी त्यांनी मला सोबत आत नेलं. कारकुनाने पावती पुढे केली आणि शाईचा पॅड सरकवला. त्यांनी पॅड बाजूला केला, पेन मागितलं आणि सावकाश लिहिलं, ‘मोबदला कमी आहे, हरकत राखून घेते.’ खाली सही केली.

“हे खोडा मावशी, नाहीतर पैसे पुन्हा अडकतील,” कारकून म्हणाला.

“अडकू दे. हे खोडलं तर कोर्टात मला कोण उभं करंल?”

माझ्या वडिलांनी अशाच पावतीवर काही न लिहिता अंगठा दिला होता, आणि पुढे वाढीव मोबदला मागायला गेले तेव्हा कोर्टाने त्यांचं ऐकलं नाही.

कारकून पावती घेऊन साहेबांकडे गेला. साहेबांनी ती दोनदा वाचली आणि मंजूर केली.

बाहेर येताच मावशी माझ्या स्टुलावर बसल्या. “आता वाढीव मोबदल्याचा अर्ज लिव.”

“आजच?”

“मग? कचेरी उघडी हाय ना.”