मोसंबीचा पाक मुरेपर्यंत

घड्याळाऐवजी केक मुरण्यावर ज्यांचा दिवस चालतो, असे शिरूर तालुक्यात एकटेच गृहस्थ असावेत, आणि ते नेमके माझे मामा आहेत. न्हावऱ्यात त्यांचा ऊस आहे, गोठ्यात गाई आहेत, भावकीत शब्दाला मान आहे. पण दुपारी त्यांच्या दारावरून जाणाऱ्या माणसाला यातलं काही आठवत नाही. मोसंबीच्या वासानं त्याची मोटारसायकल आपोआप हळू होते.

मामा मोसंबी सालीसकट शिजवतात. पातेलं मंद रटरटत असतं आणि मामा बाजेवर बसून त्या आवाजात कुठंतरी हरवलेले असतात. शेजारच्या आप्पांनी एकदा डोकावून विचारलं, "दादा, गाईला आंबोण शिजवताय व्हय?" मामांनी मानही वळवली नाही. मग तो लगदा, रवा, दही आणि बदामाचा जाडसर कूट एकत्र होऊन लेकीनं पुण्याहून आणलेल्या ओव्हनमध्ये जातो. बाहेर आला की पोती शिवायच्या दाभणानं त्याला भोकं पाडायची आणि मोसंबीच्या रसाचा कोमट पाक पळीपळीनं सोडायचा. "उसाला पाणी देतो तसंच हाय हे," मामा सांगतात. "एकदम सोडलं तर वरनं वाहून जातं, मुळापातूर पोचत न्हाई." पाक मुरेपर्यंत घरात बोलायला बंदी. सोसायटीच्या निवडणुकीत मतं मागायला आलेल्या मंडळींना मामांनी ओठांवर बोट ठेवून ओसरीवर बसवलं, मग एकेक वडी हातात दिली. मंडळी तृप्त होऊन गेली. मतं मागायची राहूनच गेली. आमच्याकडे राहू गावाला येताना तर एसटीत त्यांनी केकचा डबा शेजारच्या सीटवर ठेवला आणि कंडक्टरला म्हणाले, "ह्याचं हाफ काढा. आन् डायव्हरला सांगा, गचके कमी द्या."

लोक हसतात, पण या वेडामागं मामी आहेत. मध्यंतरी त्यांना मोठा ताप आला. त्यातून त्या उठल्या, पण नाकाला वास येईनासा झाला. फोडणी, शेण, मोगरा, सगळं सारखंच. "जेवताना वला कागद चावल्यावानी वाटतं," म्हणायच्या. गाणं गुणगुणत भाकरी थापणारी बाई मुकी झाली. डॉक्टरांनी लिंबू-संत्र्याचे वास रोज घ्यायला सांगितले. नुसतं लिंबू हुंगून मामी कंटाळल्या, तेव्हा मामांनी लेकीकडून हा केक शिकून घेतला. पहिली वडी कायम मामींच्या नाकाशी.

"येतोय का गं?"

"न्हाई वो."

"बरं. उद्या बघू."

गेल्या हिवाळ्यात मी न्हावऱ्याला गेलो होतो. केक ओव्हनमध्ये ठेवून मामांचा बाजेवर डोळा लागला. मी गोठ्याकडं होतो. अंगणात मेथी निवडत बसलेल्या मामी एकदम ओरडल्या, "अवो, उठा! करपलं की!"

मी धावत जाऊन बटण बंद केलं. मामा अंगणात तसेच उभे.

"तुला कसं कळलं?"

"वास येतोय न्हवं का..." म्हणता म्हणता मामी थांबल्या. हातातली मेथी खाली पडली.

"परत म्हण."

मामींनी पदर तोंडाला लावला. मामांनी तो काळा ठिक्कर केक ताटात घेतला, भावकीत घरोघरी फिरवला आणि पेढ्यासारखा वाटला. लोकांनी तो खाल्लाही.

करपल्याचा वास येतो, कधीमधी फोडणीचाही येतो. मोसंबीचा मात्र मामींना अजून येत नाही. मामांनी विचारायचं सोडून दिलंय. आता मामीच दुपारी बाजेशेजारी येऊन बसतात आणि विचारतात, "आज कसा हाय वास?"

मामा डोळे मिटून बराच वेळ शोधत राहतात. परवा म्हणाले, "आपलं लगीन ठरवाया निमोण्याला आलो हुतो, तवा तुमच्या बांधावरच्या लिंबोणी फुलल्या हुत्या. तसा."

मामी उसाच्या शेंड्यांकडं बघत हलकेच हसल्या.

"मग येतोय मला," म्हणाल्या.