तांदळातलं नाव

मंगलकाकू बसून जेवलेली मला आठवत नाही. ताट हातात घेऊन ती ओट्यापासून मागच्या दारापर्यंत फेऱ्या मारायची. कुणी टोकलंच तर म्हणायची, "बसलं की पायाला मुंग्या येतात." देवानं तिला पायाला भिंगरी लावूनच धाडलं होतं. मखमलाबादच्या आमच्या मळ्यात पहाटे गुलाब तोडायला ती सगळ्यांच्या पुढे. टोपल्या फुलबाजारात रवाना झाल्या, तरी हिचं हे उचल, ते सरकव, चालूच. बघणाराच दमून जायचा.

ती देवळाली कॅम्पातली, ख्रिस्ती घरातली. तिथल्या चर्चच्या सजावटीला काका फुलं पोचवायचे, तिथंच दोघांचं जमलं. नव्वदीच्या सुरुवातीची गोष्ट. घरात आधी रणकंदन झालं, मग लग्न. आजीनं अट एकच घातली. "ते नाव आमच्या तोंडात बसायचं नाय. आपली मंगल बरी हाय." ताटात तांदूळ पसरले, काकांनी अंगठीनं त्यात 'मंगल' लिहिलं, आणि 'मिशेल' हे नाव आमच्या घरातून गेलं. मी सात वर्षांची होते. मला पेढा मिळाला, एवढंच कळलं.

तांदूळ निवडताना तिचं बोट सुपात काहीतरी गिरवायचं आणि लगेच पुसायचं. परातीतल्या पिठातही तेच. दहा वर्षांची असताना एकदा मी तिचं मनगटच धरलं. "काय लिहितेस गं?"

"माझं नाव. फ्रेंच आहे, पण मूळ हिब्रू. पुरुषाचं मिखाएल, त्याचं फ्रेंचमधलं बाईचं नाव मिशेल. आमच्या फादरनी पप्पांना सुचवलेलं."

"अर्थ काय?"

"देवासारखा कोण आहे?"

"हा तर प्रश्न झाला."

"मग? नावातच प्रश्न असला तर माणूस एका जागी बसेल कसा?" ती हसली आणि सूप घेऊन उभी राहिली. "उत्तर आहे, कोणीच नाही. म्हणून कोणापुढे फार वाकायचं नाही, असं पप्पा सांगायचे. मी वाकले ना, ते त्यांना लागलं."

त्या दिवसापासून सुपात फिरणारं तिचं बोट मला बघवेना. मी उठून दुसऱ्या खोलीत जायचे.

माझ्या लग्नात सासरकडून तांदळाचं ताट आलं. नवं नाव त्यांनी ठरवूनच आणलं होतं. मला ते नको होतं, पण मी खाली मान घालून बसले होते. काकू सवयीनं हॉलभर येरझारा घालत होती, ती सरळ स्टेजवर आली. "पोरीला विचारलं का?" एवढंच म्हणाली, आवाजही चढवला नाही. सासूबाई गोंधळल्या, मग माझ्याकडे वळल्या. मी नकारार्थी मान हलवली. ताट परत गेलं. माझं नाव मला राहिलं ते या बाईमुळे. मी तिला मिठी मारली आणि म्हणाले, "मंगलकाकू, आता तरी बसून जेव."

दोन वर्षांनी ती काविळीनं गेली. शेवटच्या आठवड्यातही खाटेवरून उठून भिंतीला धरून चालायची. पप्पांच्या शेजारी पुरा, असं तिनं सांगून ठेवलं होतं, आणि काकांनी ते मानलं.

कबरीचा दगड घडवणाऱ्यानं नाव विचारलं, तेव्हा काका माझ्याकडे बघायला लागले. मी म्हणाले, "मिशेल."

"वेगळंच नाव हाय," तो सहज बोलला. "अर्थ काय म्हणायचा?"

काकांना सांगता येईना. मी सांगितला. काकांनी त्या कोऱ्या दगडावरून हात फिरवला.

"मला कधी बोलली नाय ती," ते म्हणाले.

तुम्ही विचारलं का, हे अगदी ओठांवर आलं होतं. पण मी विचारलं होतं. मला सगळं ठाऊक होतं. आणि तरी त्यानंतरच्या सतरा वर्षांत मीसुद्धा तिला त्या नावानं एकदाही हाक मारली नव्हती.