नवरी निघाल्याशिवाय न वाजणारी चाल

मुलांनो, माझ्या लग्नात पाटसचा जो बँड वाजला, त्याचे वेडे चाहते शिरूरपासून दौंडपर्यंत अजून आहेत. बँड कधीच मोडला, पण इथले सगळे बँडवाले आजही त्याच्याच चाली वाजवतात. आपल्या शेजारचा क्लॅरिनेटवाला त्या चाली जुन्या मंडळींकडून रेकॉर्ड करून ठेवतो आहे. फक्त पाठवणीची चाल राहिली होती. ती पूर्ण येणारे एकटे बँडमास्तरच उरले आहेत.

परवा त्याने मास्तरांना आपल्या ओसरीवर आणलं. बाकी सगळं वाजवून झाल्यावर मास्तरांनी क्लॅरिनेट मांडीवर ठेवलं.

"नवरी निघाल्याबिगर पाठवणी वाजवायची न्हाई. आमच्या बँडचा नेम हाय."

"मास्तर, तुमच्या मागं ही चाल कुणाला येणार?" शेजारी काकुळतीला आला.

"व्हय, पन नवरी कुठं हाय?"

मी उठले, पदर सारखा केला आणि पायऱ्या उतरून फाटकाकडे निघाले.

"हिला नेणार कोण?" तुमचे आजोबा म्हणाले. "मी तर इथंच बसलोय!"

मास्तर हसले आणि वाजवू लागले. फाटकापाशी मला माझी आई आठवली, आणि मी डोळे पुसायला थांबले.

"आजी, थांबू नका," शेजारी मागोमाग येऊन कुजबुजला. "नवरी थांबली की चाल थांबते!"

म्हणून चाल संपेपर्यंत मी रस्त्याने चालत राहिले.

रेकॉर्डिंग पाठवते आहे. मध्येच फाटक करकरतं, ती मी. शेवटी ओरडतात ते आजोबा: "एवढी गेलीच आहेस, तर येताना दूध आण!"